उन्हाळ्याच्या तोंडावर कंद लावताना: निशिगंध, सोनटक्का, कर्दळ, कळलावी आणि मंडळी

मातीगोळा | २२ मार्च, सकाळी ७:५०

होळी झाली की दरवर्षी तोच प्रश्न येतो. ऊन वाढणार, तर आता काही लावायचं की मृगापर्यंत हात बांधून बसायचं?

पानं असलेलं रोप आत्ता जमिनीत लावलं तर त्याच्यावर दोन कामं एकदम पडतात. दुखावलेली मुळं सावरायची आणि पानांतून उडणाऱ्या पाण्याची भरपाईही करायची. एप्रिलच्या उन्हात हे जमत नाही. झोपलेल्या कंदाची गोष्ट वेगळी. त्याला पानंच नाहीत, शिदोरी पोटात बांधलेली आहे, आणि तापलेली माती ही त्याच्यासाठी उठायची हाक आहे. म्हणून या धाग्याचा नियम एकच: आत्ता कंद लावायचे, रोपं मृगात.

वर्षानुवर्षं टिकणारी आणि आत्ता लावण्याजोगी मंडळी अशी: निशिगंध, कर्दळ, सोनटक्का, कॅलेडियम, रेन लिली, आणि मेच्या मध्यापर्यंत कळलावी. भुईचाफा आणि फुटबॉल लिली यांची वेळ खरं तर गेली. दोन्ही एप्रिल-मेमध्ये फुलतात, आत्ता कळी आतल्या आत सरकत असते. ज्यांच्याकडे आहेत त्यांनी कुंडी हलवू नये. फुलं संपली की मग बघा.

निशिगंधापासून सुरुवात करतो, कारण सगळ्यात जास्त चुका तिथेच होतात.

कंद १.५ ते ३ सेंमी व्यासाचा घ्या. सुपारीएवढा किंवा थोडा मोठा, टोकाकडे निमुळता. त्याहून बारीक कंद उगवतो, पण पहिल्या वर्षी बहुधा नुसती पानं देतो. दाबून बघा, कांद्यासारखा टणक लागला पाहिजे. बुडाची चकती कोरडी आणि घट्ट हवी, कारण मुळं तिथूनच फुटतात. चकती मऊ किंवा काळपट असेल तर वरून कितीही देखणा असला तरी तो कंद सोडा. नुकता उपटलेला, पानांचे हिरवे देठ चिकटलेला कंदही नको. काढल्यावर चार ते सहा आठवडे सावलीत विश्रांती मिळालेले कंद एकसारखे उगवतात.

जमिनीत दोन ओळींत ३० सेंमी, दोन कंदांत २० सेंमी. १० बाय १० फुटांच्या वाफ्यात या हिशेबाने सुमारे १५० कंद बसतात. खोली ५ ते ७ सेंमी, टोक वर. १२ इंची कुंडीत चार, फार तर पाच.

लावल्यावर एकदा पोटभर पाणी. मग हात आवरा! कोंब दिसेपर्यंत वरची दोन बोटं माती सुकल्याशिवाय पाणी नाही. कंद कुजायला लागतात ते याच दोन-तीन आठवड्यांत. मुळं नसतात, पाणी ओढणारं कोणी नसतं आणि माती मात्र रोज ओली.

---

गच्चीवरची | २२ मार्च, दुपारी १:१५

वाचनखूण साठवली. कुंडीतल्या मिश्रणाचं प्रमाण द्याल का? आणि सिंगल घ्यावा की डबल?

---

मातीगोळा | २२ मार्च, रात्री ९:३०

१२ इंची कुंडीत साधारण १२ लिटर मिश्रण मावतं. ५ लिटर माती, ३ लिटर पूर्ण कुजलेलं शेणखत, २ लिटर कोकोपीट, २ लिटर जाड रेती आणि मूठभर (५० ग्रॅम) निंबोळी पेंड. कोकोपीट बादलीत भिजवा, पिळा, पाणी फेका आणि पुन्हा एकदा भिजवून पिळा. त्यात मीठ असतं. न धुता वापरलं तर पानांची टोकं जळतात आणि खापर उन्हावर फुटतं.

सिंगल म्हणजे पाकळ्यांचा एकच थर, डबल म्हणजे अनेक. सिंगलला वास जास्त. हार, वेणी, सुटी फुलं यासाठी तोच. डबल फुलदाणीसाठी. बंगळुरूच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेचे शृंगार आणि प्रज्वल हे सिंगल, सुवासिनी आणि वैभव हे डबल. प्रज्वलची कळी किंचित गुलाबी असते आणि फूल वजनदार. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचा फुले रजनीही सिंगलच. जमिनीत मुळांत शिरणारे बारीक सूत्रकृमी असतील (गेल्या वर्षीच्या वांगी-टोमॅटोच्या मुळांवर गाठी होत्या का ते आठवा) तर शृंगार घ्या, तो मुळांवर गाठी करणाऱ्या सूत्रकृमीला बऱ्यापैकी दाद देत नाही.

---

वऱ्हाडी_बाग | २३ मार्च, सकाळी ६:४०

नागपूर-अकोल्याकडच्यांनी वरच्या माहितीला थोडी पुस्ती जोडावी लागेल. इथे मे महिन्यात पारा ४५ च्या घरात जातो, आणि गच्चीवरच्या काळ्या प्लास्टिक कुंडीतली माती बाहेरच्या हवेपेक्षाही तापते. अशा मातीत कंद उठत नाही, शिजतो.

१. कुंडी थेट स्लॅबवर नको. दोन विटांवर ठेवा, खालून हवा खेळली पाहिजे.
२. काळी कुंडी बाहेरून चुन्याने रंगवा, किंवा एका मोठ्या कुंडीत ठेवून मधली जागा पालापाचोळ्याने भरा.
३. पश्चिमेकडून ५०% ची हिरवी शेडनेट. डोक्यावर नाही, पश्चिमेच्या बाजूला. सकाळचं ऊन हवंच आहे, मारतं ते दुपारी दोन ते पाचचं.
४. वरून दोन इंच आच्छादन: उसाचं चिपाड, वाळलेली पानं, सोयाबीनचं कुटार, जे मिळेल ते. कोंब वर येताना तेवढ्या जागी बाजूला सारा.
५. गच्चीवरच्या पायपातलं पहिलं पाणी चटका देणारं असतं. ते बादलीत सोडा, गार पाणी यायला लागल्यावर झाडांना द्या. वेळ सकाळी आठच्या आत.

आणि एक खास आमच्याकडची चूक. कूलरच्या टाकीत उरलेलं पाणी झाडांना घालू नका. दिवसभर पाणी उडून जातं आणि क्षार मागे राहतात, त्यामुळे टाकीतलं पाणी नळाच्या पाण्यापेक्षा कितीतरी खारट झालेलं असतं. आरओ फिल्टरच्या फेकायच्या पाण्याचंही तेच. एसीच्या नळीतून ठिबकणारं पाणी मात्र चालतं, ते हवेतल्या वाफेचं पाणी, त्यात क्षार जवळजवळ नसतात.

---

तांबडी_माती | २३ मार्च, सकाळी ११:०५

आणि कोकणाचं नेमकं उलट. आमचा शत्रू ऊन नाही, जून आहे.

मृगाचा पाऊस कोसळायच्या आत कंदाला मुळं आणि किमान तीन-चार पानं आली पाहिजेत. मुळं धरलेला कंद तीन दिवसांची संततधार सोसतो, न रुजलेला पहिल्याच आठवड्यात चिखल होतो. मेच्या शेवटी "आता पाऊस येईलच" म्हणून कंद लावणारे इथेच फसतात. निशिगंध आणि रेन लिली एप्रिलच्या मध्यापर्यंत, फारच उशीर झाला तर अक्षय तृतीयेच्या आसपास. रोहिणी नक्षत्र लागल्यावर (२५ मे) निशिगंध नकोच, सोनटक्का चालेल.

जागा निवडताना वर बघा. पागोळ्या जिथे पडतात त्या रेषेत काही लावू नका. कौलांवरून पडणारी धार माती उडवते, कंद उघडा पडतो आणि कोंब मोडतो. निदान दोन फूट बाहेर.

जांभ्याची माती पाण्याचा निचरा चांगला करते, पण खत धरून ठेवत नाही. म्हणून लागणीला सगळं खत एकदम ओतण्यात अर्थ नाही, अर्धं पावसात वाहून जातं. निम्मं लागणीच्या वेळी, बाकीचं श्रावणात उघडीप मिळाली की.

---

काळीभोर | २३ मार्च, दुपारी ४:२०

निशिगंधाच्या मिश्रणात २ लिटर रेती लिहिली आहे, कुंडीसाठी ठीक. पण वाचणाऱ्यांपैकी कोणीतरी तेच प्रमाण शेतातल्या काळ्या जमिनीत वापरणार. काळ्या मातीत थोडीशी रेती मिसळली की निचरा सुधारत नाही. चिकणमातीचे बारीक कण रेतीच्या कणांमधल्या फटी भरून टाकतात आणि उन्हात सगळ्याची वीट होते. फरक पडायला निम्म्याहून जास्त रेती लागते, आणि एवढी रेती अंगणात कोण ओतणार?

काळ्या जमिनीत उपाय दोनच. गादीवाफा, १५ ते २० सेंमी उंच, ३ फूट रुंद. आणि भरपूर शेणखत, चौरस मीटरला ३ ते ४ किलो, वरच्या वीतभर मातीत मिसळून. उन्हाळ्यात भेगा पडल्या तर त्या कोवळी मुळं ओढून तोडतात, म्हणून आच्छादन सक्तीचं.

---

मातीगोळा | २३ मार्च, रात्री ८:५५

@काळीभोर, मान्य. रेती फक्त कुंडीसाठी समजावी. त्यातही बांधकामाची बारीक चाळलेली नको, चाळणीत वर उरते ती भरड.

---

अंगणवेल | २५ मार्च, सकाळी १०:३०

कर्दळ आणि सोनटक्का यांच्याबद्दल लिहिते.

कर्दळीचा गड्डा कापताना प्रत्येक तुकड्याला दोन किंवा तीन डोळे ठेवा. कापलेल्या बाजूला राख किंवा हळद लावून एक दिवस सावलीत सुकवा, मग लावा. ७ ते १० सेंमी खोल, डोळे वर किंवा बाजूला. उंच जातीत दोन फूट अंतर, बुटक्या जातीत एक फूट. कुंडी किमान १४ इंची. लहान कुंडीत गड्डे कडेला येऊन प्लास्टिक फोडतात.

एका दांड्याचं फुलणं संपलं की तो दांडा जमिनीलगत कापा. त्याला परत फूल येत नाही, आणि तो काढला की बाजूचे कोंब जोर धरतात. पानांची गुंडाळी झालेली दिसली की आत अळी असते. औषध नको, गुंडाळी उलगडा आणि वेचा, आठवड्यातून दोनदा पुरे.

पानांवर पिवळ्या रेघा किंवा ठिपक्यांची नक्षी दिसली आणि नवीन पानंही तशीच आली, तर तो विषाणू आहे, खताची कमतरता नाही. त्याला इलाज नाही. गड्ड्यासकट काढून टाका, वाटू नका. कर्दळीचे गड्डे शेजारीपाजारी देण्याघेण्यातच तो सगळ्यात जास्त पसरतो. दोन झाडांमध्ये सुरी स्पिरिटने पुसायची सवय लावा.

सोनटक्क्याचा गड्डा आल्यासारखा दिसतो. १० ते १२ सेंमीचा, दोन-तीन डोळ्यांचा तुकडा आडवा ठेवून ५ सेंमी माती. सकाळचं ऊन, दुपारी सावली. निशिगंधाच्या उलट, याला ओल हवी. एकदा कोंब आला की माती सुकू द्यायची नाही. मोरीच्या किंवा पन्हळीच्या कडेला तो इतका मातून वाढतो याचं कारण हेच. धुण्याचं साबणाचं पाणी मात्र नको, भाजी-तांदूळ धुतलेलं चालेल. फुलं श्रावण-भाद्रपदात सुरू होतात.

हा प्राणी आवरावा लागतो. क्युबाचं राष्ट्रीय फूल असलं तरी हवाई, ब्राझील, दक्षिण आफ्रिका इथे त्याने ओढ्याकाठच्या देशी झाडांना हाकलून लावलं आहे. जास्तीचे गड्डे ओढ्यात किंवा नदीकाठी टाकू नका. कापून, उन्हात पूर्ण वाळवून मग कंपोस्टात.

---

कुंडीतला_कल्याणकर | २५ मार्च, रात्री १०:१०

पूर्वेकडची बाल्कनी. सकाळी सात ते दहा ऊन, नंतर नाही. यातलं काय चालेल?

---

अंगणवेल | २६ मार्च, सकाळी ९:००

निशिगंध विसरा, त्याला सहा तास तरी ऊन लागतं. सावलीत त्याची पानं लांबलचक आणि लोळणारी होतात, दांडा येतच नाही. तुमच्यासाठी कॅलेडियम अगदी योग्य. ८ इंची कुंडीत एक मोठा किंवा तीन लहान कंद, ३ ते ५ सेंमी खोल, खडबडीत गाठाळ बाजू वर. उलटा लागला तरी उगवेल, फक्त उशिराने. देठाचा चीक खाजरा असतो, लहान मुलांच्या आणि मांजरांच्या हाती-तोंडी लागू देऊ नका. डिसेंबरात पानं झडली की मेलं समजून फेकू नका. पाणी थांबवा, कुंडी कोरडी ठेवा, होळीला पुन्हा जागी होईल.

जागा असेल तर १४ इंची कुंडीत सोनटक्का. तीन तासांत फुलं कमी येतील, पण येतील.

---

तांबडी_माती | २६ मार्च, दुपारी १२:४५

कळलावीचं कोणी लिहिलं नाही अजून, मी लिहितो.

कंद इंग्रजी व्ही अक्षरासारखा किंवा नांगराच्या आकाराचा. कोंब फक्त फांद्यांच्या टोकाशी असतो, मधे कुठेही नाही, आणि तो टोकाचा भाग खडूसारखा ठिसूळ. टोक मोडलं की तो हात वाया. म्हणून पिशवीत एकावर एक टाकून आणलेले कंद घेऊ नका. भुश्यात किंवा कोरड्या कोकोपीटमध्ये ठेवलेले घ्या. दोन्ही टोकं शाबूत असतील तर मधोमध तोडून दोन झाडं करता येतात, पण कापलेली बाजू सुकवून.

आडवा ठेवायचा, ५ ते ८ सेंमी खोल. आधार लागणीच्या दिवशीच उभा करा, नंतर काठी खुपसली तर नेमकी कोंबावर जाते. पानांच्या टोकाला जो बारीक वळसा असतो त्याने वेल चढतो, त्यामुळे जाड बांबूला त्याला धरता येत नाही. सुतळीची किंवा बारीक तारेची जाळी द्या.

जुना कंद दरवर्षी संपतो आणि त्याच्या जागी नवीन तयार होतो. दसरा-दिवाळीनंतर वेल वाळला की पाणी पूर्ण बंद. ओल राहिली की नवा कंद सडतो.

सगळ्यात महत्त्वाचं: हे झाड विषारी आहे. कंदात कोल्चिसिन असतं, थोडासा खाल्ला तरी जिवावर बेततं. हातमोजे घाला, कंद स्वयंपाकघरात किंवा कांदे-रताळ्यांजवळ ठेवू नका, शेळ्या-गाई चरतात तिथे लावू नका. घरात रांगतं मूल असेल तर हे झाड नकोच. आणि रानातून उपटून आणू नका, रोपवाटिकेत लागवड केलेले कंद मिळतात.

---

गच्चीवरची | २ एप्रिल, सायंकाळी ६:३०

निशिगंधाचे कंद लावायच्या आधी बुरशीनाशकात बुडवायचे का? दुकानात ट्रायकोडर्माही दिलं आहे, दोन्ही एकत्र करू का?

---

काळीभोर | २ एप्रिल, रात्री ९:१५

एकत्र अजिबात नाही. ट्रायकोडर्मा ही स्वतःच बुरशी आहे, बुरशीनाशकाने तीच आधी मरेल.

कंद निरोगी आणि माती नवी असेल तर फक्त ट्रायकोडर्मा. शेणखताच्या १० किलोला १०० ग्रॅम मिसळा, पाणी शिंपडून ओलसर करा आणि आठवडाभर सावलीत गोणपाटाखाली ठेवा, मग वापरा. कंदांवर डाग असतील किंवा गेल्या वर्षी सड होती, तर कार्बेन्डाझिम हे बुरशीनाशक २ ग्रॅम एक लिटर पाण्यात घालून कंद २० मिनिटं बुडवा, सावलीत सुकवा, लावा. हातमोजे घालूनच. ट्रायकोडर्मा मग १५ दिवसांनी मातीत द्या.

सड कुठली होती ते ओळखा. झाडाच्या बुंध्याशी पांढरा कापसासारखा धागा आणि त्यात मोहरीएवढे तपकिरी दाणे दिसले असतील, तर ती स्क्लेरोशियम बुरशी. ते दाणे मातीत वर्षानुवर्षं जिवंत राहतात, नुसत्या बुडवण्याने भागत नाही. त्या वाफ्यात यंदा निशिगंध लावू नका. त्याऐवजी उन्हाचा उपयोग करा: माती भुसभुशीत करा, वीतभर खोल भिजेल एवढं पाणी द्या, वर पातळ पारदर्शक प्लास्टिक ताणून कडा मातीने दाबा. चार ते सहा आठवडे. प्लास्टिक काळं नको, ते स्वतः तापतं पण ऊन खाली जाऊ देत नाही. कोरड्या मातीवर अंथरलं तरी उपयोग कमी, ओल्या मातीतच उष्णता खोल जाते. या कामाला एप्रिल-मे इतका चांगला काळ वर्षात दुसरा नाही.

---

वऱ्हाडी_बाग | ३ एप्रिल, सकाळी ७:००

+१. फक्त प्लास्टिकला भोक पडलं तर लगेच चिकटपट्टी लावा, वाफ निघून गेली की पहिले पाढे पंचावन्न.

---

जर्सीतली_तुळस | ५ एप्रिल, रात्री ११:४०

न्यू जर्सीतून विचारते आहे. इथे "परेनिअल" म्हणून निशिगंधाचे कंद मिळतात, पण हिवाळ्यात टिकतील का? कधी लावू?

---

मातीगोळा | ६ एप्रिल, सकाळी ८:१०

ताई, निशिगंध मूळचा मेक्सिकोचा. तुमच्याकडची जमीन गोठते, त्यात कंद मरतो. तुमच्यासाठी तो बहुवर्षायू आहे, पण कंद दरवर्षी काढून ठेवण्याच्या अटीवर.

तुमच्याकडे अडचण हंगामाच्या लांबीची. कंद लावल्यापासून फूल यायला तीन ते साडेतीन महिने लागतात, आणि थंड मातीत तो नुसता बसून राहतो. म्हणून एप्रिलच्या मध्यात घरातच कुंडीत लावा, उबदार खिडकीपाशी. बाहेर न्यायची घाई नको, रात्री १० अंशांच्या खाली जायच्या थांबल्या की मग, म्हणजे साधारण मेमोरियल डेच्या (मेअखेरीच्या) सुमारास. आधी आठवडाभर अर्ध्या सावलीत. तिकडे बहुधा 'द पर्ल' नावाचा डबल विकतात, तो उशिरा फुलतो. 'मेक्सिकन सिंगल' मिळाला तर तोच घ्या.

ऑक्टोबरात पहिल्या हिमाने पानं काळवंडली की कंद काढा, माती झटका (धुवू नका), कोरड्या पीटमध्ये किंवा व्हर्मिक्युलाइटमध्ये बेसमेंटला ठेवा. फ्रीज नको.

---

गच्चीवरची | १९ एप्रिल, सकाळी ८:२५

पंधरा दिवसांपूर्वी निशिगंध लावला. पाच कंदांपैकी तीन उगवले, दोन नाहीत. उकरून बघू?

---

मातीगोळा | १९ एप्रिल, सकाळी १०:००

बोटाने बाजूने माती सारून कंदाचं टोक फक्त दाबून बघा. टणक असेल तर तसाच झाका, पाच-सहा आठवडेही लावतात काही. मऊ असेल किंवा आंबूस वास येत असेल तर काढा, भोवतीची मूठभर माती पण काढा.

उगवलेल्यांना महिन्याभराने खत सुरू करा. १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारखं असलेलं विद्राव्य खत) दोन ग्रॅम एक लिटर पाण्यात, पंधरा दिवसांनी एकदा, किंवा महिन्याला मूठभर गांडूळखत आणि चमचाभर निंबोळी पेंड. युरियाचा मोह टाळा. नत्र जास्त झालं की पानांचं रान माजतं, दांडा उशिरा येतो आणि येतो तोही वाऱ्याने लवंडतो.

---

कुंडीतला_कल्याणकर | ४ मे, दुपारी ३:३०

रोपवाटिकेत मोगरा सेलवर होता, घेऊन आलो. कळ्या आहेत. आता लावू का? (धागा वाचूनही.)

---

अंगणवेल | ४ मे, रात्री ८:४०

:) कळ्यांनी मोडतं माणसाचं मन.

लावू नका, पिशवीतच ठेवा. अर्ध्या सावलीत, मृगापर्यंत. पण एक काम आजच करा. या पिशव्यांमधला लाल मातीचा गोळा उन्हात विटेसारखा कडक होतो. वरून घातलेलं पाणी कडेने वाहून जातं, गोळ्याचं पोट कोरडंच, आणि आपण म्हणतो रोज पाणी घालूनही झाड वाळलं. बादलीत पिशवीसकट बुडवा, बुडबुडे थांबेपर्यंत, दहा-पंधरा मिनिटं. मग निथळू द्या. आठवड्यातून एकदा हे, एरवी साधं पाणी. जूनमध्ये पिशवी ब्लेडने उभी कापून काढा, गोळा न फोडता कुंडीत बसवा, कडेची गोल फिरलेली मुळं मात्र मोकळी करा.

---

तांबडी_माती | २१ मे, सायंकाळी ७:१५

धागा वर काढतोय, कारण वळीव पडायला लागले आहेत आणि हुमणीचे भुंगेरे निघायची हीच वेळ.

वळवाच्या सरीनंतर संध्याकाळी तपकिरी भुंगेरे जमिनीतून निघतात, कडुनिंब, बाभूळ, बोर यांची पानं खातात आणि मादी मातीत अंडी घालते. अळ्या पावसाळाभर मुळं कुरतडतात. निशिगंधाचं झाड ऑगस्टमध्ये अचानक मान टाकतं, ओढलं तर मुळांशिवाय हातात येतं. तेव्हा फार काही करता येत नाही, आत्ता येतं. रात्री आठ-नऊच्या सुमारास फांद्या हलवून भुंगेरे खाली पाडा, रॉकेल घातलेल्या पाण्यात टाका. किंवा दिव्याखाली घमेल्यात पाणी ठेवा. सलग सात-आठ रात्री.

कच्चं शेण वाफ्यात टाकू नका, मादीला तिथेच अंडी घालायला आवडतं. खतात पांढरट, जाडजूड, अर्धवर्तुळाकार अळ्या दिसल्या तर वेचून काढा, कुठली कुणाची हे बघत बसू नका. जैविक उपाय हवा असेल तर मेटारायझियम बुरशी शेणखतात मिसळून, पहिल्या पावसानंतर ओल असताना द्या. कोरड्या मातीत तिचा उपयोग नाही.

---

काळीभोर | २१ मे, रात्री ९:५०

रेन लिली राहिलीच. कंद ३ ते ५ सेंमी खोल, ८ इंची कुंडीत दहा-बारा, दाटीवाटीने. तिला गर्दी आवडते. दोन-तीन आठवडे बऱ्यापैकी कोरडं ठेवून मग एकदम भरपूर पाणी दिलं की चार-पाच दिवसांत फुलते. रोज थोडं थोडं पाणी घालणाऱ्यांची फुलत नाही ती यामुळेच.

---

गच्चीवरची | ९ जून, सकाळी ७:३०

पाऊस सुरू झाला. निशिगंधाला सात-आठ पानं आहेत. कुंड्या आत घेऊ की राहू देऊ?

---

मातीगोळा | ९ जून, सकाळी ८:०५

राहू द्या. कुंडीखालच्या ताटल्या आजच काढा, भोकं तारेने मोकळी करा, वरचं आच्छादन निम्मं करा. संततधारेत माती खाली बसते, कंदाचं टोक उघडं पडलं तर वरून दोन मुठी कोरडी माती-खत टाका. सलग चार दिवस ऊन नसेल तर खताचं पाणी देऊ नका. दांडा दिसला की काठी, आणि फुलून संपल्यावर दांडा बुडापासून चार बोटं ठेवून कापा. ज्या कंदाने फूल दिलं तो पुन्हा देत नाही, पुढचे दांडे बाजूच्या पिल्लांना येतात. म्हणून कुंडी तशीच तीन वर्षं ठेवायची आणि तिसऱ्या हिवाळ्यात, पानं पिवळी पडल्यावर, सगळं काढून वाटून टाकायचं.

---

कुंडीतला_कल्याणकर | ९ जून, सकाळी ९:२०

त्या वाटपाच्या यादीत माझं नाव आत्ताच लिहा. ऊन सहा तास मिळत नाही हे लक्षात आहे, शेजारच्यांची गच्ची मिळाली आहे.